लाँगकांगकाठची वहिवाट

जमीन ही माणसाची पहिली आणि शेवटची निष्ठा आहे. तिच्यासाठी राज्यं उभी राहिली, तिच्यासाठी बुडाली, आणि तिच्याच पायी एका आईच्या पोटच्या भावांनी मरेपर्यंत एकमेकांच्या दारात पाऊल टाकलं नाही. आमच्या घराण्यानेही जमिनीसाठी एक झुंज दिली. तिची नोंद कुठेतरी राहावी म्हणून हे प्रकरण लिहिते आहे. आमची जमीन लांबीला तीस फूट आणि रुंदीला सोळा फूट होती. तिच्या एका अंगाला लाँगकांग होती, म्हणजे पावसाचं पाणी वाहून नेणारी सिमेंटची रुंद नाली. दुसऱ्या अंगाला आमच्या ब्लॉकची मागची भिंत होती. आणि ती जमीन आमची नव्हती.

सिंगापूरला पश्चिम आहे हे पाहुण्यांना पटत नसे. एवढ्याशा बेटाला दिशा कशाला हव्यात, असा त्यांचा चेहरा असायचा. पण आम्ही पश्चिमेला राहायचो, आणि ती पश्चिम खरी होती. तांजोंग पगारहून निघालेली बस अर्ध्या वाटेत रिकामी व्हायची, पुढे दुतर्फा झाडी, मग कारखान्यांची कुंपणं, मग रस्त्यावर लाल माती, आणि शेवटी एक थांबा, जिथे ड्रायव्हर इंजिन बंद करून उतरायचा आणि सिगारेट पेटवायचा. एमआरटी, म्हणजे शहराची रेल्वे, अजून आमच्यापर्यंत यायची होती. शाळेच्या लायब्ररीतून मी अमेरिकेच्या पश्चिमेला घोडागाड्या हाकत गेलेल्या वसाहतवाल्यांच्या कादंबऱ्या आणायचे. त्यांत प्रत्येकाकडे बंदूक, बायबल आणि जमिनीबद्दल एक ठाम मत असायचं. आमच्याकडे बंदूक नव्हती, आणि बायबलच्या जागी कालनिर्णय होतं. बाकी फरक मला फारसा जाणवला नाही.

बाबा मरीन इंजिनिअर. बारा वर्षं जहाजांच्या पोटात काढून ते तुआसच्या एका यार्डात जहाजदुरुस्तीच्या कामावर लागले, आणि यार्डाने आम्हाला चौथ्या मजल्यावरचा एक फ्लॅट दिला. तुआसला तेव्हा समुद्रात वाळू ओतून जमीन करण्याचं काम चालू होतं. दर वर्षी समुद्र थोडा मागे सरके आणि बाबांना कामावर जायला थोडं लांब पडे. "आमच्या गावात समुद्र जमीन खातो," ते म्हणत, "इथे जमीन समुद्र खाते." हे वाक्य ते प्रत्येक पाहुण्याला ऐकवत आणि मग पाहुण्याने हसावं म्हणून थांबत. आई तेवढ्यात चहा टाकायला उठायची.

आमच्या घराला दिवसभर एक ठोका होता. कुठेतरी पाया खणला जात असायचा आणि खांब ठोकणारं यंत्र सकाळी आठपासून ढप्प, ढप्प करत राहायचं. आईने कणीक मळायची लय त्याच्याशी जुळवून घेतली होती. रविवारी यंत्र बंद असलं की तिची पोळी बिघडते, असं बाबांचं म्हणणं. बारा वाजता यार्डाचा भोंगा व्हायचा, मग खालच्या मजल्यावर माजाँग या चिनी खेळाचे ठोकळे खडखडायला लागायचे, आणि स्वयंपाकघराच्या खिडकीतून कुणाच्या तरी सुक्या झिंग्यांचा वास आत यायचा. आईने त्या वासाला सुरुवातीला नावं ठेवली. सहा महिन्यांनी ती स्वतः बाजारातून सुके झिंगे आणून त्यांची चटणी करू लागली. मालवणातल्यासारखी होत नाही, एवढी एकच तक्रार तिने शेवटपर्यंत टिकवली.

तिची खरी तक्रार अळूची होती. लिटल इंडियात सगळं मिळायचं, पण तिथे जाऊन यायला अर्धा दिवस जायचा आणि अळू हमखास कोमेजलेला असायचा. एके सकाळी कपडे बांबूवर वाळत घालताना तिला खाली नालीकाठी हिरवीगार, हातभर रुंद पानं दिसली. तिने बाबांना पानं कापून आणायला पाठवलं. बाबा दोन तासांनी परत आले तेव्हा त्यांच्या हातात पानं होती, गुडघ्यापर्यंत चिखल होता, आणि डोळ्यांत मी आधी कधी न पाहिलेलं काहीतरी होतं. त्यांनी अळू कापला नव्हता फक्त; त्याच्याभोवतीचं तण काढून जागा साफ केली होती. वसाहती अशाच सुरू होतात. इतिहासाच्या पुस्तकांत पुढे त्यांना मोठमोठी कारणं जोडतात, पण मुळात कुणाला तरी भाजी हवी असते.

दोन वर्षांत आमच्याकडे अळू, भेंडी, कारली, मिरच्या, एक पपई आणि शेवग्याची एक काठी होती. ती काठी बाबांनी नुसती खोचली आणि ती झाड झाली. शेजारच्या तुकड्यात आ हेंग अंकल होते. ते आमच्या आधीपासून तिथे होते. साठीच्या आसपासचे, बनियन आणि अर्धी चड्डी, पायात दोन वेगवेगळ्या रंगांच्या स्लिपर. त्यांची पूर्वी याच भागात डुकरं, बदकं आणि कारल्याचे मांडव असलेली शेती होती. सरकारने ती घेतली आणि बदल्यात शेजारच्या ब्लॉकमध्ये दुसऱ्या मजल्यावर फ्लॅट दिला. फ्लॅटबद्दल त्यांची तक्रार नव्हती. नळाला पाणी होतं, दिवा होता. फक्त दिवसभर तिथे करायचं काय, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. म्हणून ते सकाळी सहाला खाली उतरायचे आणि अंधार पडला की वर जायचे.

पहिली दोन वर्षं त्यांचं आणि बाबांचं फार गूळपीठ होतं. दोघांना मिळून साठेक इंग्रजी शब्द सामाईक होते, त्यात थोडी मलय आणि बरेच हातवारे. झिंग्यांची टरफलं कुजवून खत कसं करायचं ते त्यांनी बाबांना शिकवलं. बाबांनी त्यांना यार्डातल्या पेट्यांच्या फळ्या आणि दोन पत्रे आणून दिले. त्या फळ्यांची त्यांनी एक खोप उभी केली, चार फूट रुंद, सहा फूट लांब. आत एक आरामखुर्ची, एक रेडिओ आणि खिळ्याला टांगलेलं कॅलेंडर. दुपारी ते तिथे झोपायचे. आई म्हणायची, या माणसाला सरकारने तीन खोल्या दिल्यात आणि हा पेटीत झोपतो.

पुढचं समजण्यासाठी कोकणातला गडगा समजायला हवा. गडगा म्हणजे चिऱ्यांचा रचलेला बुटका बांध. हा तुझा, तो माझा, एवढं सांगण्यापुरता. चुना-सिमेंट नसल्यामुळे तो सरकतो. एका पावसाळ्यात चार बोटं, दुसऱ्यात चार. सरकवणारा नेहमी म्हणतो की ढोरांनी पाडला. आमच्या आजोबांचा आणि त्यांच्या चुलत भावाचा एका फणसावरून तालुक्याच्या कोर्टात जो खटला होता तो माझ्यापेक्षा वयाने मोठा होता. फणस वठला, तोडला, जळला, तरी खटला निरोगी होता. बाबा जहाजावर गेले ते समुद्राच्या ओढीने नाही. समुद्रात गडगा नसतो म्हणून गेले, असं आई सांगायची, आणि त्यांनी ते कधी नाकारलं नाही.

तर तिसऱ्या वर्षी बाबांच्या लक्षात आलं की आ हेंग अंकलचे हद्दीचे बांबू सरकतायत. दुसऱ्या कुणाला ते दिसलं नसतं. पण बाबा त्या विद्येत जन्मले होते. त्यांनी संध्याकाळी खाली जाऊन बांबू मागे नेले. सकाळी ते पुन्हा पुढे. असा महिनाभर बांबूंचा व्यायाम झाला. मग एका शनिवारी बाबा कामावरून आले तर आ हेंग अंकलनी आख्खी खोप उचलून नेमकी त्या वादाच्या पट्ट्यावर आणून ठेवली होती, आणि आत खुर्चीत बसून ते रेडिओ ऐकत होते.

"कबजा," बाबा म्हणाले. त्यांच्या आवाजात संताप होता, पण थोडं कौतुकही होतं.

त्या दिवसापासून दोघांचं बोलणं बंद. बाबांचा दावा वहिवाटीचा होता: इतकी वर्षं ही जमीन आम्ही कसतो, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत, कुणी हरकत घेतली नाही. आ हेंग अंकलचा दावा आणखी जुना होता. ते त्या चार फुटांकडे बोट दाखवत आणि म्हणत, "डक हिअर. माय डक." म्हणजे शेती होती तेव्हा त्यांची बदकांची तळी इथेच होती. दोन्ही दावे आपापल्या जागी भक्कम होते. दोघांच्या मधोमध, कारल्याच्या वेलाने अर्धवट झाकलेला एक पांढरा फलक होता. जमीन सरकारी आहे, प्रवेश करू नये, असं त्यावर चार भाषांत लिहिलेलं होतं. वेलाला आधार म्हणून तो फार सोयीचा होता.

आईचं मात्र आ हेंग अंकलशी चालूच होतं. ती दुपारी एका डब्यात घावणे किंवा थालीपीठ नेऊन खोपीच्या दारात ठेवायची, आणि तो डबा कांगकाँग या पालेभाजीची जुडी भरून परत यायचा. शत्रूच्या मळ्यातलं खायचं नाही असा बाबांचा निश्चय होता. आई सांगायची, बाजारातलं आहे. बाबा दुसऱ्यांदा वाढून घ्यायचे आणि म्हणायचे, बघ, त्याच्या मळ्यातल्यापेक्षा बाजारातलं किती कोवळं. आता पासिर रिसच्या माझ्या घराच्या खाली सुपरमार्केट आहे आणि तिथे कांगकाँग प्लास्टिकमध्ये गुंडाळून मिळतं. मी नातीला हा किस्सा सांगितला तर ती म्हणाली, "सो पणजोबा अल्सो डोन्ट नो, ला?" पणजोबांना माहीत होतं की नाही, हा या प्रकरणातला दुसरा प्रश्न आहे. पहिला पुढे येतोय.

चौथ्या वर्षी बाबांनी मोजणी केली. यार्डातून तीस मीटरची पोलादी टेप आणली, टेपचं दुसरं टोक धरायला मला उभं केलं, आणि तीन रविवार खपून एक नकाशा काढला. मी तेव्हा सोळा वर्षांची होते आणि मला परीक्षा होती, पण जमिनीपुढे परीक्षा काय. तो नकाशा मी आजही काढून बघते. जहाजाच्या इंजिनरूमचा असावा तसा आहे: वरून, बाजूने, आणि मधोमध कापून. अळूचा वाफा मिलिमीटरपर्यंत. खोपीवर तिरप्या रेघा मारून बाजूला लिहिलंय, 'अर्जदाराच्या हद्दीतील बांधकाम'. खाली उजव्या कोपऱ्यात चौकट, चौकटीत बाबांची सही.

नकाशा झाल्यावर पंचनामा हवा. पाच प्रतिष्ठित माणसांच्या सह्यांशिवाय गावाकडे कुठलीच गोष्ट घडलेली नसते. बाबांनी किराणा दुकानाच्या तमिळ मालकाला बोलावलं, समोरच्या मलय मावशींना बोलावलं, माझ्या शाळेच्या व्हॅनच्या ड्रायव्हरला आणि त्या दिवशी लिफ्ट दुरुस्त करायला आलेल्या माणसाला. चौघांनी आईच्या हातचा चहा घेतला, नकाशा छान आहे म्हणाले आणि सही केली. पाचवा मिळेना. तेव्हा, पंचनाम्याला प्रतिवादी हजर असलेला बरा, असा विचार करून बाबांनी कागद आणि पेन माझ्या हाती आ हेंग अंकलकडे पाठवलं. त्यांनी चष्मा लावून नकाशा उलटसुलट पाहिला, बराच वेळ, आणि पंचनाम्याच्या तळाला चिनी अक्षरांत चांगली दोन ओळींची सही केली. बाबांना वाटलं, यांची नावं लांब असतात.

नेमकं त्याच सुमारास आम्ही पीआरचा, म्हणजे कायम वास्तव्याचा अर्ज केला होता. बाबांचा नोकरीचा पास दोन-दोन वर्षांनी नवा करावा लागायचा आणि प्रत्येक वेळी आई महिनाभर नवी भांडी घेत नसे. पीआर मिळाला तर मला इथेच पुढे शिकता येणार होतं, घर घेता येणार होतं, बाबांचं यार्ड बंद पडलं तरी महिन्याभरात गाशा गुंडाळावा लागणार नव्हता. नाही मिळाला तर गाव होतं, आणि गावात तो खटला होता. अर्जावर एक वाक्य होतं की अर्जदाराविरुद्ध कुठलाही गुन्हा नोंद नाही. आईने ते मला दोनदा वाचून दाखवायला लावलं होतं.

अर्ज टाकून महिना झाला आणि शेवग्याच्या खोडाला प्लास्टिकच्या पिशवीत घातलेली एक नोटीस बांधलेली मिळाली. सदर जमीन तातडीच्या विकासकामासाठी हवी असल्याने तीस दिवसांत मोकळी करावी. आ हेंग अंकलच्या खोपीच्या दारावर दुसरी. ती त्यांनी वाचून घेतली दुकानदाराकडून, आणि त्या दुपारी रेडिओ लागला नाही.

बाबा मात्र खुशीत होते. आता हे प्रकरण योग्य त्या अधिकाऱ्यासमोर जाईल, असं ते म्हणाले. रात्रभर त्यांनी अर्जाचा मसुदा केला आणि दुसऱ्या दिवशी मी तो टाइप केला, कार्बन घालून तीन प्रती. त्यात आम्ही ही जमीन किती वर्षं सलग, उघडपणे आणि शांततेने कसत आहोत ते सविस्तर होतं. सोबत नकाशा, पंचनामा, आणि दर वर्षीच्या पिकासोबत आईचे काढलेले फोटो. आई पोळ्या लाटत ऐकत होती.

"म्हणजे," ती म्हणाली, "आपण चार वर्षं सरकारची जागा खातोय, असं सरकारला पुराव्यासकट कळवायचं."

"खात नाही. वहिवाट आहे ती."

"आणि तिकडे पीआरच्या अर्जावर काय लिहिलंय?"

"ते वेगळं खातं," बाबा म्हणाले.

मला टाइप करतानाच कळलं होतं की हा कबुलीजबाब आहे. सोळाव्या वर्षी असल्या गोष्टी कळतात. तरी मी एकही चूक न करता टाइप केलं, कारण खरं सांगायचं तर मला तो नकाशा कुणीतरी बघावा असं वाटत होतं.

अधिकारी शनिवारी सकाळी आला. तिशीचा असेल, लांब बाह्यांचा शर्ट, बगलेत फाइल, घामाने चष्मा सारखा घसरत होता. त्याने फाइल उघडली आणि त्यात सर्वांत वर आमचा नकाशा होता. तो बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिला. मग म्हणाला की त्याच्या ऑफिसात अतिक्रमणाच्या तक्रारी येतात तेव्हा लोक काहीच कबूल करत नाहीत, इतकं नीट केलेलं काम त्याने पाहिलेलं नाही, आणि त्याच्या वरिष्ठांनी याची प्रत काढून ठेवली आहे. बाबांनी मान किंचित झुकवली. अतिक्रमण हा शब्द त्यांच्या कानापर्यंत पोचलाच नसावा.

मग त्याने सांगायला सुरुवात केली. भाजीपाल्याचं काही नाही, तो काढून घ्या, तुमचा तुम्ही न्या. पण बांधकाम ही वेगळी बाब आहे. सरकारी जमिनीवर परवानगीशिवाय बांधकाम केलं तर ज्याचं असेल त्याच्यावर खटला होऊ शकतो. त्याने खोपीकडे पेन रोखलं आणि विचारलं, हे कुणाचं?

आ हेंग अंकल खोपीपासून चांगली दहा पावलं लांब, स्वतःच्या वांग्यांत उभे होते, टोपी हातात घेऊन. ब्लॉकमध्ये अशी बोलवा होती की सरकारने एकदा कोर्टात नेलं की फ्लॅट काढून घेतात. ती खोटी होती, पण ते आम्हाला पुढे कळलं. त्यांनी आधी आपली जमीन गेलेली पाहिली होती, त्यामुळे त्यांना ती खोटी वाटायचं कारण नव्हतं.

"नॉट माइन," ते म्हणाले, आणि आपल्या तुकड्याच्या पार पलीकडच्या टोकाकडे हात केला. "माइन देअर."

दोन वर्षं ज्या चार फुटांसाठी त्यांनी बांबू हलवले होते ते त्यांनी एका वाक्यात सोडले. बाबांना हवी होती ती कबुली, अधिकाऱ्यासमोर, साक्षीदारांसमक्ष मिळाली. पण अधिकाऱ्याने पान उलटलं, पंचनाम्याच्या तळाची चिनी अक्षरं वाचली, आणि पहिल्यांदाच त्याला हसू आवरेना. त्याने ती ओळ आम्हाला इंग्रजीत सांगितली: 'हा माणूस खोटं बोलतो. इथे माझी बदकं होती.' खाली आ हेंग अंकलचं नाव.

"मग अंकल," तो म्हणाला, "तुम्हीच लिहिलंय की ही जागा तुमची."

आ हेंग अंकलनी टोपी फिरवली. "डक नो मोर ऑलरेडी," ते म्हणाले.

यंत्राची ढप्प ढप्प तेवढी चालू होती. आईने बाबांकडे पाहिलं. त्या पाहण्याचा अर्थ मला पुरता कळत होता: पीआर, माझं कॉलेज, दोन-दोन वर्षांचा पास, आणि हे सगळं वाचवायला एकच साधं खरं वाक्य, की खोप याने बांधली. फळ्यांवर यार्डाचे शिक्के होते, पण त्या दिल्या होत्या हे सांगता आलं असतं. बाबांनी अधिकाऱ्याच्या हातातून नकाशा घेतला. खिशातून चष्मा काढला. तिरप्या रेघांवरून बोट फिरवलं, जणू दुसऱ्या कुणी काढलेलं काम तपासत होते.

"हद्द बरोबर आहे," ते म्हणाले.

"म्हणजे बांधकाम तुमचं?"

"हद्दीतलं ते माझं," बाबा म्हणाले. "नकाशात लिहिलंय तसं."

अधिकाऱ्याने आ हेंग अंकलकडे पाहिलं, बाबांकडे पाहिलं, खोपीच्या आत टांगलेल्या चिनी कॅलेंडरकडे पाहिलं. तो काही मूर्ख नव्हता. मग त्याने फाइलवर बाबांचं नाव लिहिलं, पासचा नंबर लिहिला, आणि चौदा दिवसांत काढून टाका म्हणाला. काढलं तर समज देऊन प्रकरण मिटवता येतं का ते तो पाहील. शब्द देत नाही. जाताना त्याने आईला विचारलं की ती मोठी पानं कसली. आईने उत्तर दिलं नाही. हे आमच्या घरात त्याआधी किंवा नंतर कधी घडलेलं नाही, कारण अळूबद्दल आईला कुणी विचारावं आणि तिने कृती सांगू नये असं होत नसे.

त्यानंतर सात दिवस ती बाबांशी फक्त आवश्यक ते बोलली. आवश्यक म्हणजे, "जेवायला वाढलंय," आणि एकदा, "शर्टाला बटण नाही." एका रात्री मी पाणी प्यायला उठले तर स्वयंपाकघरात बसून ते पीआरच्या अर्जाची आमच्याकडची प्रत वाचत होते, तेच गुन्ह्याचं वाक्य, बोट ठेवून. मला पाहून त्यांनी ती उलटी करून ठेवली.

आठव्या दिवशी, रविवारी सकाळी सातला दार वाजलं. आ हेंग अंकल. त्या दोन वर्षांत ते पहिल्यांदाच आमच्या दारात आले होते. एका हातात पहार, दुसऱ्या हातात पिकलेली पपई. पपई त्यांनी आईला दिली, पहार बाबांना.

"पाराब," ते आमचं आडनाव त्यांच्या पद्धतीने ताणत म्हणाले, "यू टेक रूफ. आय टेक वॉल."

खोप उतरायला अख्खा दिवस लागला, कारण दोघांची पद्धत वेगळी होती. बाबा प्रत्येक खिळा सरळ काढायचे आणि आ हेंग अंकल पहार घालून फळीच उचकटायचे. बाबा म्हणायचे, अशाने लाकूड फुटतं. ते म्हणायचे, फुटू दे, तुझंच आहे, तू सांगितलंस. त्यावर बाबा हसले. दुपारी आईने शेवटचा अळू कापून फदफदं केलं, दाणे आणि चण्याची डाळ घालून, आणि आम्ही चौघे उघड्यावर, मोकळ्या झालेल्या त्या चार फुटांत बसून जेवलो. आ हेंग अंकलनी दोनदा घेतलं आणि सांगितलं की दाणे जरा जास्त झाले. आईने त्यांना तिसऱ्यांदा वाढलं. बाबांशीही ती बोलायला लागली. सुरुवात, तुम्ही मूर्ख आहात, इथून झाली, पण ते बोलणंच होतं.

समजपत्र आलं. बाबांच्या नावाने, दोन ओळींचं. आणि आणखी अडीच महिन्यांनी पीआरच्या मुलाखतीचं बोलावणं. आम्ही तिघंही गेलो, बाबा टाय लावून. टेबलामागची बाई प्रश्न विचारत होती आणि टिकमार्क करत होती. नोकरी, शिक्षण, किती वर्षं इथे. मग तिने मान वर न करता विचारलं, सिंगापुरात काही स्थावर मालमत्ता?

बाबांनी तोंड उघडलं. आईने टेबलाखाली त्यांच्या बुटावर टाच ठेवली, आणि तिच्या पंचवीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदाच इंग्रजीत, अगदी स्पष्ट उत्तर दिलं: "नो."

पीआर मिळाला. दोन खाती एकमेकांशी बोलत नव्हती, हे बाबांचं म्हणणं खरं निघालं. त्या काळात खात्यांचीही आपापसात हद्द होती. मी इथेच शिकले, इथेच नोकरी केली, पासिर रिसला घर घेतलं, म्हणजे बेटाच्या दुसऱ्या टोकाला. ब्लॉकखाली आता सरकारमान्य सामुदायिक बाग आहे. वाफे सोडतीने मिळतात, सगळे एका मापाचे, आणि भांडणासाठी समिती आहे. मी अर्ज केलेला नाही.

शेवटच्या वर्षांत बाबा माझ्याकडे होते. एका संध्याकाळी बाल्कनीत बसलो असताना मी त्यांना विचारलंच, की त्या दिवशी आ हेंग अंकलना वाचवलंत की नकाशा वाचवलात? मला वाटलं आता काहीतरी ऐकायला मिळणार, माणुसकीबद्दल वगैरे. त्या वयात माणसं असं बोलतात.

"खाली माझी सही होती," ते म्हणाले.

मी ते उत्तर आईला सांगितलं. ती म्हणाली, त्या म्हाताऱ्यासाठी त्यांचा जीव तुटत होता, एवढं साधं आहे. पण तसं म्हणायची त्यांच्या घराण्यात पद्धत नाही. आ हेंग अंकलना विचारायचं राहून गेलं. ते पुढे बरीच वर्षं आमच्याकडे रविवारी जेवायला यायचे आणि दाणे बाजूला काढून ठेवायचे.

आमचे दोन्ही तुकडे ठरल्या दिवशी, सकाळी नऊच्या आत, पूर्ण मोकळे करून दिले होते. अधिकाऱ्याने येऊन खात्री केली, सह्या घेतल्या आणि तातडीच्या विकासकामासाठी जमीन ताब्यात घेतली. त्यानंतर अकरा वर्षं तिथे गवत होतं. महिन्यातून एकदा माणसं येऊन ते कापून जात.